दसऱ्याचे तीन काप

१

बंद पडलेलं यंत्र उघडायचं आणि ते का बंद पडलं हे कागदावर लिहून द्यायचं, यात सुलभाबाई कित्तूरकरांची तीस वर्षं गेली होती. उंदीर, गंज, पेंगणारा ऑपरेटर, ऑइलच्या जागी ओतलेलं पाणी, सगळं त्यांनी बघून ठेवलं होतं. पण सोमवारी सकाळी बेंगळुरूतल्या यशवंतपूरच्या कारखान्यात पवित्रानं त्यांच्यापुढं पांढऱ्या फडक्यावर जे ठेवलं, ते बघून त्यांनी डोक्याला हात लावला.

"हे कुंकू आहे," त्या म्हणाल्या.

"हो, मावशी."

"हायड्रॉलिक पंपाच्या व्हॉल्व्हमध्ये."

"हो."

"आणि हे सांगायला तू मला चामराजपेटहून दोन बस बदलायला लावल्यास? हे तर शाळेतलं पोरसुद्धा ओळखेल!"

पवित्रा हसली नाही. ही सुलभाबाईंच्या गेलेल्या मैत्रिणीची, सुशीलाबाईंची, एकुलती एक मुलगी. वय बत्तीस, आणि गेली चार वर्षं वडिलांच्या जोडीनं 'लाड टूल्स' चालवत होती. कारखाना लहानसाच, बावीस माणसांचा. इथं तयार होणाऱ्या एकाही अवजाराला वीज लागत नाही. काही हवेच्या दाबावर चालतात, काही हायड्रॉलिक, म्हणजे हातानं पंप दाबायचा आणि ऑइलच्या जोरावर बोटाएवढी जाड सळई कापायची. खाणीत गॅस साठलेला असतो, ठिणगी उडाली की खेळ खलास, तिथं अडकलेल्या माणसाला सोडवायला असलीच अवजारं लागतात.

"शुक्रवारी पोलंडचा पाहुणा इथं आला होता," पवित्रा सांगू लागली. "खाणीतल्या बचाव पथकांना सामान पुरवतो. आमचा नवा कटर बघायला आला होता. पहिला काप झकास झाला. दाब सोडला, दुसरी सळई लावली, आणि गेजचा काटा सरसर खाली. पातं अर्ध्यावर थांबलं. सगळ्यांच्या देखत."

"पुढे?"

"उघडला, तर हे. बुधवारी खंडेनवमीची आयुधपूजा झाली होती. पूजा दरवर्षी नागोजीकाकाच करतात. सगळे म्हणाले, म्हाताऱ्याचे डोळे गेले, कुंकू नको तिथं लावलं. काकांनी राजीनामा लिहून दिलाय. कारखान्यातली माणसं आता कुजबुजतात, यांच्या हातची पूजा नको म्हणून. पाहुणा उद्यापर्यंत चेन्नईत आहे. खरं कारण लेखी द्या, मग परत येतो म्हणतोय."

"नागोजीचं म्हणणं काय?"

पवित्रा उसळली. "तेच तर! मी त्यांच्या हाताखाली काम शिकले, मावशी. कपलरवर धूळ बसली तरी बोटावर पट्टी मारायचे. त्यांच्या हातून हे झालं असेल यावर माझा विश्वास नाही. पण ते स्वतःच..."

दार लोटून एक उंच, वाळका म्हातारा आत आला. हातात टोपी होती.

"अक्का, उगाच त्रास घेऊ नका," नागोजी म्हणाला. "माझ्याच हातून झालं. लिहून टाका."

२

चोरानं चोरी नाकारली तर सुलभाबाईंना राग येत नसे. तो त्याचं काम करतो. पण न केलेली गोष्ट कबूल करणारा माणूस म्हटला की त्यांचं टाळकं सरकायचं.

"बस," त्या म्हणाल्या. "पूजा कशी करतोस ते सांग."

"चाळीस वर्षं करतो तशीच. अवजारं पुसायची, मांडायची. हळद, कुंकू, फूल. कोहळा फोडायचा. त्या दिवशी अवजाराला कामाला लावायचं नाही."

"कुंकू कुठं लावतोस?"

"अंगावर. मुठीवर. पिस्टनच्या दांड्यावर कधीच नाही, सील कापलं जातं."

"आणि कपलरवर?" पंपाची आणि कटरची नळी जिथं एकमेकींना जोडतात, ते हे तोंड. तिथून आत गेलेला कण थेट ऑइलमध्ये उतरतो.

"कपलरला टोप्या घातल्या होत्या. घट्ट."

"मग कुंकू आत गेलं कसं?"

"गेलं असेल."

"असेल म्हणजे? टोपी घातलेल्या तोंडातून कुंकू आत जातं का रे? चाळीस वर्षं फिटर आहेस ना तू?"

"माझी चूक झाली, अक्का."

सुलभाबाईंनी चष्मा काढून टेबलावर आपटला. काचेला काही झालं नाही, हे नशीब. त्यांनी टेबलावरचा सळईचा तुकडा उचलला. शुक्रवारचा पहिला आणि एकमेव काप. जुन्या कटरनं कापलेली सळई चेपून तुटते, टोकाला चोच येते. हा तुकडा मात्र कलिंगडाच्या फोडीसारखा सपाट कापलेला होता.

"नव्या पात्याचं काम चांगलं आहे," त्या जरा नरमाईनं म्हणाल्या. "कोणी बनवलं?"

"मीच, अक्का. दीड वर्ष लागलं."

"बरं, एवढंच सांग. बुधवारी पूजा झाली, शुक्रवारी पाहुणा आला. मधल्या वेळात या कटरला कोणाचा हात लागला?"

नागोजीनं पवित्राकडे पाहिलं. मग खाली, स्वतःच्या पायांकडे.

"कोणाचाच नाही. पूजेनंतर तो कपाटातून हललाच नाही."

इतका वेळ हा माणूस मान ताठ ठेवून आपला गुन्हा कबूल करत होता. आणि या एका वाक्याला मान खाली गेली. सुलभाबाई उठल्या. कबुलीजबाब देणारा माणूस आताच पहिल्यांदा खोटं बोलला होता.

३

कपाटाला दोन किल्ल्या. एक नागोजीकडे, दुसरी पवित्राच्या चुलतभावाकडे, प्रवीणकुमारकडे. तो बसतो राजाजीनगरच्या ऑफिसात. खाली ऑफिस, वर लाडांचं घर.

"पोलिसांसारखं विचारू नका हं, आंटी," प्रवीणकुमार हसत म्हणाला. त्याच्या टेबलावर बॅटरीवर चालणाऱ्या अवजारांची चकचकीत माहितीपत्रकं पसरली होती. "मला त्या कटरमध्ये इंटरेस्टच नाही. हाताचा जमाना गेला. एजन्सी घ्यायची, विकायचं, सरी, झालं! रिपोर्टमध्येच तसं लिहिलंय."

"कुठला रिपोर्ट?"

त्यानं शेजारच्या तरुणाकडे बोट केलं. हा अभिजीत, पुण्याचा, बेंगळुरूत बाजारपेठेचा अभ्यास करणाऱ्या एका कंपनीत कामाला. हायड्रॉलिक आणि विजेविना चालणाऱ्या हाती अवजारांची जगभरची बाजारपेठ कुठं चाललीय, यावर त्यानं लाडांसाठी दीडशे पानी अहवाल तयार केला होता. पोलंडच्या पाहुण्याला गाठून देणाराही तोच.

"मी असं कुठंही म्हटलेलं नाहीये!" अभिजीत कळवळून म्हणाला. "बॅटरी सेगमेंट ग्रो होतोय, ऑफकोर्स. घरगुती वापर, बांधकाम, सगळं तिकडे जातंय. पण खाणी, रिफायनरी, पाण्याखालचं काम, रेस्क्यू, तिथे नॉन-इलेक्ट्रिकला ऑप्शन नाही. मार्केट छोटं होईल, पण टिकेल, असं म्हटलंय मी. तुम्ही वाचलाय का पूर्ण?"

"सारांश वाचला," प्रवीणकुमार म्हणाला.

"पूर्ण सारांश?"

"स्वल्प वाचला."

सुलभाबाईंनी डोळे मिटून घेतले. पवित्रानं सकाळी सांगितलं होतं की अहवालानुसार विजेविना चालणाऱ्या अवजारांना सोन्याचे दिवस येणार आहेत. कारखान्यातला मल्लाप्पा लेथवाला म्हणाला होता, अहवालात लिहिलंय की कारखाना सहा महिन्यांत बंद होणार, खुद्द मालकांनी, अण्णांनीच सांगितलं. एकच अहवाल, आणि जो तो आपल्या सोयीचा अर्थ काढून मोकळा. वाचलेला एकानंही नाही!

"एक प्रत द्या मला," त्या म्हणाल्या. "आणि दसऱ्याला, गुरुवारी, तुम्ही कोण कुठं होतात ते सांगा."

"ते विचारूच नका!" प्रवीणकुमारनं कपाळावर हात मारून घेतला. "पाहुण्याला म्हैसूरची मिरवणूक दाखवायला नेली. मी, पवित्राक्का आणि हा. सकाळी सहाला निघालो, रात्री अकराला परत. निम्मा दिवस ट्रॅफिकमध्ये! हत्ती दिसला तो दुसऱ्याच्या मोबाइलवर."

"खरंय," अभिजीत म्हणाला. "चौघं एका गाडीत होतो. परतल्यावर मी आणि प्रवीण थेट आपापल्या घरी गेलो."

"आणि शुक्रवारी सकाळी?"

"आम्ही पाहुण्याला घेऊन दहाला कारखान्यात पोचलो, तेव्हा कटर टेबलावर मांडूनच ठेवला होता," प्रवीणकुमार म्हणाला. "मी तर कपाटाची किल्ली महिनाभरात खिशातून काढलेली नाही."

सुलभाबाईंनी अहवाल काखोटीला मारला आणि त्या जिना चढू लागल्या. वर दाराशीच कोणीतरी मोठमोठ्यानं कोणाला तरी शिव्या घालत होतं.

४

शिव्या गंगव्वा घालत होती, आणि त्या खात होता लाकडी पाट. लाडांच्या घरची ही जुनी स्वयंपाकीण पाट उभा धरून चिंच आणि राखेनं घासत होती.

"बघा अक्का, बघा! देवाचा पाट हा! तेलाचा डाग, जाईना म्हणजे जाईना. मी सांगितले होते, देवापुढं यंत्र ठेवू नका. कोण ऐकते?"

"कधी ठेवलं होतं यंत्र?"

"दसऱ्याला की! अवो, आणि घरात..."

"गंगव्वा!" आतून हाक आली. "कॉफी आण. आणि तो पाट ठेव बाजूला."

पवित्राचे वडील नरसिंगराव लाड खिडकीपाशी आरामखुर्चीत बसले होते. वय सदुसष्ट, दोन्ही गुडघ्यांना पट्टे. म्हैसूरला जायला ते नको म्हणाले होते ते या गुडघ्यांमुळेच.

"सुलभाबाई, पोरीनं तुम्हांला उगाच ताप दिला. माणूस म्हातारा झाला, चुकला. मी त्याला उपाशी थोडाच ठेवणार आहे? पेन्शन बांधून देतो. तुम्ही अपघात म्हणून लिहा आणि संपवा."

"कटर पूजेनंतर कोणी हलवला नाही ना?"

"छे! कपाटात कुलूपबंद. पाहुण्यानं पत्रातच बजावलं होतं, नग वापरलेला नको, कोरा पाहिजे. कोण हात लावील?"

"आणि अभिजीतचा अहवाल वाचलात?"

"एक पान नाही! एवढी बारीक अक्षरं, तीही इंग्रजी. आणि वाचून करू काय? समजा, मिळालीच पोलंडची ऑर्डर. पुढं दहा वर्षं त्यांना सुटे भाग पुरवत बसा. कोण बसणार? मी? हे गुडघे घेऊन?"

सुलभाबाईंनी कॉफी संपवली, बरं म्हणाल्या, आणि हात धुवायच्या निमित्तानं देवघराशी थांबल्या. देवीच्या तसबिरीखाली बन्नीची पानं सुकून पडली होती, इकडे दसऱ्याला सोनं म्हणून देतात ती शमीची. पानांच्या खाली काहीतरी जड होतं. त्यांनी पानं सरकवली.

सळईचा बोटभर तुकडा. टोक सपाट.

त्यांनी तो उचलून पर्समध्ये टाकला. देवाच्या दारात चोरी करायची त्यांच्या आयुष्यातली ही पहिलीच वेळ, पण या घरात सरळ विचारून काही मिळेल ही आशा त्यांनी केव्हाच सोडली होती.

५

मंगळवारी सकाळी आठ वाजता यशवंतपूरच्या मार्केटसमोरच्या हॉटेलात इडली थंड होत होती आणि सुलभाबाई अहवाल वाचत होत्या. पहिल्या पानापासून, ओळ न ओळ. तक्ते, आलेख, तळटीपा. वेटर नागराज दोनदा येऊन विचारून गेला, मॅडम, परीक्षा आहे का?

एकशे बाराव्या पानावर त्या थांबल्या. तिथं बारीक अक्षरांत लिहिलं होतं, की खाणीतल्या बचाव पथकांना सामान पुरवणाऱ्या युरोपातल्या कंपन्या करार करताना एक अट हटकून घालतात: उत्पादकानं पुढची दहा वर्षं सुटे भाग पुरवले पाहिजेत.

त्यांनी तिथूनच पवित्राला फोन लावला. "पाहुण्यानं सुट्या भागांबद्दल काही अट घातली होती का?"

"नाही, मावशी. अटींवर बोलणं झालंच कुठं? कटरच चालला नाही. का?"

"सांगते. दोन वाजता तुझ्या वडिलांना कारखान्यात बोलव. गुडघ्याचं कारण सांगतील, ऐकू नकोस."

मग दोनच्या जरा आधी त्या नागोजीला गाठायला गेल्या. तो आपल्या बाकावरची हत्यारं एका गोणपाटात बांधत होता. शेजारी मल्लाप्पा होता, पण त्याच्याकडे पाठ करून. सुलभाबाईंनी तो तुकडा बाकावर ठेवला.

नागोजीचे हात थांबले.

"कुठं मिळाला?"

"अण्णांच्या देवघरात. दसऱ्याला तू दिलास ना?"

म्हातारा पुन्हा गोणपाटाची गाठ आवळू लागला.

"नागोजी, ऐक," सुलभाबाईंचा आवाज चढला. "कालपासून मी नुसती भिंतीवर डोकं आपटतेय! खोटं बोलता येत नाही तुला, आणि खरं बोलायला तयार नाहीस. मी कोणाला अडकवायला आलेली नाही. दसऱ्याला कटर चालवलास की नाही?"

"चालवला," तो अखेर म्हणाला. "मुहूर्त चुकवता येतो का, अक्का? पूजेच्या दुसऱ्या दिवशी अवजाराला हात लावायचा, पहिलं काम करायचं, पहिला तुकडा बन्नीच्या पानांसोबत मालकाच्या देवाला द्यायचा. अण्णांच्या वडिलांपासून चालत आलंय. पाहुण्यानं कोरा नग मागितला होता, ठाऊक होतं मला. पण दीड वर्ष खपून केलेलं पातं मुहूर्ताशिवाय परक्यापुढं कसं ठेवायचं? सकाळी एकटाच आलो. तीन काप केले."

"तीनही नीट झाले?"

"लोण्यासारखे. काटा तसूभर हलला नाही."

"मग टोप्या घातल्यास?"

"पुसून घातल्या. कपाटात ठेवणार होतो, तेवढ्यात अण्णांचा फोन. म्हणाले, कटरच घरी घेऊन ये, देवापुढं राहू दे रात्रभर. नेऊन दिला. शुक्रवारी सकाळी नऊला तेच गाडीतून परत घेऊन आले."

"हे तू कोणालाच का सांगितलं नाहीस?"

नागोजीनं तुकड्याच्या सपाट टोकावरून बोट फिरवलं. "अण्णांनी शपथ घातली. कटर उघडल्यावर मला बाजूला नेलं. म्हणाले, नागोजी, तू दसऱ्याला काप केलेस ना, तेव्हाच अंगावरचं कुंकू आत ओढलं गेलं. कोरा नग वापरला हे पाहुण्याला कळलं तर पवित्राची अब्रू जाईल. घरी आणल्याचं, चालवल्याचं, काही बोलू नकोस. मला पटलं, अक्का. मुहूर्ताचा हट्ट माझाच होता ना?"

सुलभाबाई त्याच्याकडे बघतच राहिल्या. इतका हुशार कारागीर, आणि स्वतःचं नाव मातीत जात असताना याला एवढा साधा हिशेब सुचू नये? कीव यावी का राग, हेच त्यांना कळेना.

"चल वर," त्या म्हणाल्या. "आणि ते गोणपाट राहू दे तिथंच."

६

कारखान्याचं ऑफिस वरच्या मजल्यावर. नरसिंगराव धापा टाकत येऊन बसले. पवित्रा दाराशी उभी होती, नागोजी भिंतीपाशी.

"अपघात लिहिलात ना?" नरसिंगरावांनी विचारलं.

"नाही. आता कोणी मध्ये बोलू नका, दोन दिवसांत मी तुमचं सगळ्यांचं पुरेसं ऐकलंय," सुलभाबाई म्हणाल्या. "शुक्रवारी काय झालं? पहिला काप झाला. दाब सोडल्यावर कटरमधलं ऑइल पंपाकडे परत आलं, कपलरमधलं कुंकू घेऊन आलं, आणि व्हॉल्व्हच्या तोंडाशी बसवून गेलं. म्हणून दुसऱ्या कापाला दाब टिकला नाही. म्हणजे कुंकू आत असलं तर हा कटर एकच काप करतो. दुसरा नाही. पटतंय, पवित्रा?"

"पटतंय."

"गुरुवारी नागोजीनं याच कटरनं तीन काप केले. तिन्ही सुरेख. त्यातला एक हा." त्यांनी तुकडा टेबलावर ठेवला. "म्हणजे गुरुवारी सकाळी कुंकू आत नव्हतं. पूजेत गेलं नाही, नागोजीच्या कापांनी गेलं नाही. ते नंतर गेलं. आणि त्यानंतर शुक्रवारी सकाळपर्यंत कटर होता कुठं? तुमच्या देवघरात, नरसिंगराव. गंगव्वा त्याचा डाग घासून घासून दमली. पवित्रा, प्रवीण, अभिजीत, तिघं रात्री अकरापर्यंत म्हैसूरच्या रस्त्यावर."

"मी अकरानंतर घरीच होते," पवित्रा हळूच म्हणाली.

"होतीस. पण कटर घरात आहे हे तुला माहीत होतं?"

"नाही. देवघराचं दार बंद होतं."

"बंद केलं होतं कोणी? आणि गंगव्वा यंत्राच्या वाऱ्याला उभी राहत नाही, ती कपलरची टोपी फिरवणार? मग उरलं कोण?"

नरसिंगराव खिडकीबाहेर बघत होते. "मी कशाला माझ्याच यंत्राचं वाटोळं करीन?"

"तेच मला कळत नव्हतं. पण काल तुम्ही म्हणालात, अहवालाचं एक पान वाचलं नाही. आणि त्याच दमात म्हणालात, दहा वर्षं सुटे भाग पुरवत बसावं लागेल. पाहुण्यानं ती अट घातलेलीच नाही. ती फक्त एकशे बाराव्या पानावर आहे. इथं माझ्याशिवाय तो अहवाल पूर्ण वाचणारा एकच माणूस निघाला, आणि तोच सगळ्यांना सांगत होता की अहवाल म्हणतो धंदा संपला!"

खाली लेथ घरघरत होता.

"मी वाचला," नरसिंगराव म्हणाले. "दोनदा वाचला. त्यात धंदा संपतोय असं असतं, तर बरं झालं असतं. पण ते पोर लिहितं, टिकेल. छोटा होईल, पण टिकेल. म्हणजे दहा वर्षं हिनं इथं बसायचं. मी चाळीस वर्षं बसलो. सुशीलेला शेवटचं दवाखान्यात नेलं तेव्हा मी खाली पंप खोलून बसलो होतो, हातसुद्धा धुतले नव्हते. ही पोरगी तशीच होत चाललीय. वडिलांना मी शब्द दिला होता, हाताची अवजारं बंद करणार नाही. मग बंद कशी पडतील? यंत्रानंच दगा दिला तर. देवीचंच कुंकू लागलं तर कोणी कोणाला बोल लावणार नाही, असं वाटलं मला."

"अप्पा, मला विचारलंत एकदा तरी?" पवित्रा म्हणाली.

"विचारलं असतं तर तू नाहीच म्हणाली असतीस."

"अहो, मग तेच तर उत्तर होतं ना!" सुलभाबाईंना राहवलं नाही. "आणि कोणी बोल लावणार नाही म्हणे! याला लावलाच ना सगळ्यांनी? त्यातला पहिला बोल तुम्हीच लावलात!"

नागोजी पुढं आला. चार दिवसांत पहिल्यांदा तो मालकाकडे रोखून बघत होता.

"अण्णा, बंद करायचं होतं तर मला सांगायचं. मीच शटर ओढून किल्ली तुमच्या हातात दिली असती. कधी तुमच्या शब्दाबाहेर गेलो का मी?"

"तुला मी उघड्यावर टाकणार नव्हतो, नागोजी. पेन्शन..."

"भाकरीचं कोण बोलतंय? चार दिवस झाले, मल्लाप्पा माझ्याकडे पाठ करून उभा राहतो. माझ्या बायकोला गल्लीत विचारतात, तुझ्या नवऱ्याच्या हातून काय अपशकुन झाला? रात्ररात्र मी आठवत बसलो, माझा हात कुठं चुकला. आणि तुम्हांला ठाऊक होतं."

नरसिंगराव गुडघ्याचा पट्टा सारखा करू लागले.

पवित्रानं डोळे पुसले. "खरं काय ते मी आत्ता खाली जाऊन सगळ्यांना सांगते. पाहुण्यालाही लेखी कळवते, काही न लपवता. येईल का नाही, त्याची मर्जी. आला तर... काका, पंप तुम्ही दाबाल?"

"दाबीन," नागोजी म्हणाला. "पण अण्णा या कारखान्यात येणार असतील, तर मी येणार नाही. दोघांतला एक."

पवित्रा वडिलांकडे बघत राहिली. सुलभाबाईंना वाटलं, आपण इथं नसतो तर बरं झालं असतं. यंत्राचं कारण शोधायला आलो आणि कोणाचं घर उघडून बसलो!

"अप्पा," ती म्हणाली, "उद्यापासून तुम्ही घरी राहा."

नरसिंगराव खुर्चीच्या हातांवर जोर देऊन उठले. चाळीस वर्षांच्या सवयीनं नागोजीचा हात त्यांच्या दंडाकडे गेला, आणि मधेच थांबून खाली आला. नरसिंगरावांनी ते पाहिलं. ते भिंतीला धरून बाहेर पडले आणि जिना उतरू लागले. एक पायरी, मग थांबणं, मग दुसरी. वर तिघं ऐकत होते.

"सातवी पायरी उंच आहे," नागोजी म्हणाला. "तिथं त्यांना हात द्यावा लागतो."

पण तो जागचा हलला नाही.